साडेसहा आणि सव्वीस

चंदीगडात सेक्टर तेरा नाही. बारा आहे, चौदा आहे, मधला तेरा शहर आखणाऱ्यांनी गाळून टाकलाय. नव्याने बदली होऊन आलेल्या मराठी माणसाला हे ठाऊक नसतं, आणि देवदत्त मिराशीला तेवढंच पुरायचं. "ओला नारळ? अहो, सेक्टर तेराच्या मार्केटात ढीग लागलाय ढीग," हे तो इतक्या सरळ चेहऱ्याने सांगायचा, की समोरचा स्कूटरला किक मारूनच निघायचा. एकदा तर कर्नल घोरपड्यांची जीप दीड तास बारा आणि चौदाच्या मधोमध गिरक्या घेत होती. नारळ काही मिळाला नाही, पण घोरपडे आणि मिराशी ही दोन घरं मात्र त्या दिवसापासून एकमेकांना कायमची ओळखायला लागली.

देवदत्तचं वय बावन्न. मूळ मिरजेचा. सेक्टर बत्तीसच्या सरकारी मेडिकल कॉलेजात ईसीजीची, ब्लडप्रेशरची, झालंच तर वजनाची यंत्रं दुरुस्त करणं ही नोकरी, आणि माणसांची गंमत करणं हा धंदा. नोकरीत कधीमधी सुट्टी घ्यायचा, धंद्यात नाही.

पण दोन हजार तीनच्या फेब्रुवारीत हा माणूस चक्क चार दिवस गप्प होता. बायको वसुधाने पहिल्या दिवशी कपाळाला हात लावून ताप बघितला. दुसऱ्या दिवशी नुसतं बघितलं. तिसऱ्या दिवशी तिला कळलं की दुखणं हॉलमधल्या कॉम्प्युटरचं आहे.

तो कॉम्प्युटर अठ्ठ्याण्णव सालचा. आत विंडोजही अठ्ठ्याण्णवचंच. चालू केला की पंख्याचा असा आवाज यायचा, की खालच्या मजल्यावरच्या मल्होत्रा आँटी गच्चीवरचे पापड उचलायला धावायच्या, वादळ आलं म्हणून. लेक स्वराली कॉम्प्युटरच्या कोर्सच्या दुसऱ्या वर्षाला होती. तिचा कॉलेजचा प्रोजेक्ट ज्या सॉफ्टवेअरमध्ये करायचा होता, ते ह्या जुन्या विंडोजवर चढतच नव्हतं. पुढच्या आठवड्यात बुधवारी प्रोजेक्ट द्यायचा होता.

"बाबा, एक्सपी डलवा दो ना. पूरी क्लास के पास है," ती म्हणायची. मराठी तिला सगळं कळायचं, पण उत्तर यायचं हिंदीत.

"सगळ्या क्लासकडे स्कूटी पण आहे."

"तो वो भी दिला दो."

"बघतो," असं म्हणून देवदत्त पेपर उघडायचा आणि तीच ओळ तीनदा वाचायचा.

सेक्टर वीसमध्ये नरेशचं कॉम्प्युटरचं दुकान होतं. चाळिशीचा माणूस, बोटाला सदा कसलीतरी पट्टी. देवदत्तने त्याला सगळ्या बाजूंनी विचारून बघितलं होतं. एक्सपी चढेल का? चढेल, मेमरी वाढवावी लागेल. ते जुनं मराठीचं कार्ड चालेल का? नाही चालणार. मग दोन्ही विंडोज ठेवता येतील का, एकाशेजारी एक?

"अंकलजी, चार जीबी की डिस्क है आपकी," नरेश म्हणाला. "एक चारपाई पे दो नवाब नहीं सोते. एक को उठाओ."

आणि घोडं इथेच अडलं होतं. त्या कॉम्प्युटरच्या पोटात एक हिरवं कार्ड होतं. मिरजेच्या विश्राम नावाच्या मित्राने ते पाठवलेलं. त्या कार्डामुळे काळ्या पडद्यावर मराठी अक्षरं उमटायची. सोबत विश्रामने स्वतः लिहिलेला एक प्रोग्रॅम होता, पत्रिका जुळवायचा. मुलाची जन्मवेळ टाका, मुलीची टाका, एंटर दाबा. शेजारचा प्रिंटर दात आवळून किंचाळायचा आणि कडेला भोकं असलेल्या कागदावर छत्तीसपैकी गुण छापून यायचे. कार्ड गेलं की प्रोग्रॅम मुका.

बाहेरच्याला नवल वाटेल, पण चंदीगड, मोहाली, पंचकुला मिळून जी काही मराठी घरं होती, डॉक्टर, प्रोफेसर, फौजी, त्यांच्यात ह्या कागदाला भलताच मान होता. इथल्या पंडितजींची पद्धत वेगळी, पंचांग वेगळं. गावाकडून गुरुजींचं पत्र यायला पंधरा दिवस. शिवाय भोकांचा कागद म्हणजे कॉम्प्युटरने दिलेला, आणि कॉम्प्युटर काही कुणाचा मामा नाही. गावाकडच्या म्हाताऱ्या तो कागद देव्हाऱ्यात ठेवायच्या. पाच वर्षांत त्रेचाळीस जोड्या ह्या हॉलमध्ये जुळल्या होत्या. मराठी मंडळाच्या गणपतीत देवदत्तला लोक हार घालायचे तो एकवेळ त्याने बसवलेल्या नाटकासाठी असेल, पण आतून ह्याच्यासाठी.

आता खरी गोष्ट. त्रेचाळीसपैकी एकही जोडी नापास झाली नव्हती.

कारण अठ्ठ्याण्णव सालीच, प्रोग्रॅम आल्याच्या तिसऱ्या दिवशी, देवदत्तने तो उघडून त्यात स्वतःची एक ओळ घुसवली होती. गुण अठराच्या खाली आले तर ते फेकून द्यायचे, चोवीसमध्ये आजच्या तारखेचा शेवटचा आकडा मिळवायचा आणि ते छापायचं. तारीख पाच असेल तर एकोणतीस. तारीख बारा असेल तर सव्वीस. म्हणजे रोज तोच आकडा येऊन कुणाला वास लागायला नको. एकनाड वगैरे धोक्याच्या ज्या सूचना होत्या, त्याही त्याच ओळीने पुसल्या जायच्या. अठराच्या वर खरे गुण आले तर मात्र ती ओळ हातही लावत नसे. आणि कुठली जोडी खरी, कुठली ओळीने तारलेली, ह्याची नोंद देवदत्तने मुद्दाम ठेवली नव्हती. गंमत करणाऱ्याने हिशेब ठेवू नये, असं त्याचं तत्त्व.

गंमत म्हणायचा खरा तो. पण त्याची थोरली बहीण शैलजा सतरा वेळा पोहे घेऊन बाहेर आली होती आणि सतरा वेळा पत्रिकेने परत पाठवली गेली होती. मिरजेला मुख्याध्यापिका होऊन रिटायर झाली. मजेत आहे. पण ती मजा तिने मागून घेतलेली नव्हती. ती ओळ टाइप करताना देवदत्त हसत होता हे खरं, आणि टाइप करून झाल्यावर त्याने मिरजेला ट्रंककॉलच्या थाटात फोन लावून "काही नाही, सहज" असं म्हटलं होतं, हेही खरं.

पाच वर्षं सुखात गेली. मग ह्या संक्रांतीला मंडळाच्या तिळगुळाच्या कार्यक्रमात विश्वास राजवाडे भेटले. युनिव्हर्सिटीत इतिहास शिकवतात. त्यांच्या मधुरिमाचं लग्न ह्याच कॉम्प्युटरवर जुळलं होतं, आणि दोन वर्षांत मोडून पोरगी घरी परत आली होती. विश्वासरावांनी तिळगूळ हातावर ठेवला, हसले आणि म्हणाले, "मिराशी, तुमच्या कॉम्प्युटरने एकतीस दिले होते हो."

बस्स. एवढंच. पुढे ते कुणाशीतरी बोलायला वळले. देवदत्त तिळगूळ हातात धरून उभाच राहिला. तो वितळायला लागला तरी.

एकतीस. राजवाडे मंडळी आली होती ती सतरा तारखेला, कारण त्या दिवशी स्वरालीचा वाढदिवस होता आणि केक त्यांनीही खाल्ला होता. चोवीस आणि सात, एकतीस. म्हणजे ओळीनेच दिले असणार. किंवा खरेही असतील, योगायोगाने. जन्मवेळा फाइलमध्ये होत्या, ओळ बाजूला करून पुन्हा मोजलं की दोन मिनिटांत कळलं असतं. देवदत्तने महिनाभर मोजलं नाही. ईसीजीच्या मशीनला हात लावताना न घाबरणारा माणूस, पण हे मशीन तो लांबूनच पुसायचा.

त्यात मंगळवारी अपूर्वा आली. कर्नल घोरपड्यांची मुलगी. सेक्टर सदुसष्टच्या औषधांच्या संस्थेत संशोधन करते. हेल्मेट न काढताच सोफ्यावर बसली.

"काका, आई येणार आहे रविवारी. पत्रिका घेऊन."

"कुणाची?"

"माझी आणि सुशांतची. माझ्याच लॅबमधला आहे, नागपूरचा. आईला आवडलाय, बाबांना आवडलाय. पण कोल्हापूरच्या आजीला कागद पाहिजे." मग तिने हेल्मेट काढलं. "आम्ही गुपचूप मोहालीपलीकडच्या खरड गावी जाऊन एका पंडितजींना दाखवून आलो. साडेसहा."

"छत्तीसपैकी?"

"नाही, दहापैकी! काका, काय विचारता! आणि वर एकनाड."

एकनाड म्हणजे दोघांची नाडी एकच. ती आली की पत्रिकावाले पुढचं बघतसुद्धा नाहीत, मुलाबाळांवर बोट ठेवतात आणि फुली मारतात.

"कॉम्प्युटर वेगळं मोजतो का हो, काका?" अपूर्वाने विचारलं. औषधांवर संशोधन करणारी पोरगी, आणि आवाज असा की इंजेक्शनच्या रांगेतली दुसरीतली मुलगी.

नेहमीचा देवदत्त असता तर म्हणाला असता, जा, पेढे घेऊन ये सेक्टर तेरामधून. ह्या वेळी तो म्हणाला, "बघू."

ती गेल्यावर तो कॉम्प्युटरसमोर बसून राहिला, चालू न करता. उद्या हिचंही बिनसलं तर? कर्नलसाहेब तिळगूळ देऊन म्हणतील, तुमच्या कॉम्प्युटरने इतके दिले होते हो. आणि नाही दिले, तर आत्ताच मोडलं. ओळ ठेवली तरी आपण, काढली तरी आपण. आणि मग त्याला एकदम एक्सपी आठवलं. पोरीचा प्रोजेक्ट आहे हो वहिनी, काय करणार, नवीन विंडोज टाकलं, जुना प्रोग्रॅम गेला, माझ्या हातात काही उरलं नाही. ह्यात खोटं एक अक्षर नव्हतं. लोकांना खऱ्याच्या दोरीने बांधून खोट्याच्या विहिरीत सोडणं ही त्याची जुनी कला. आज दोरी स्वतःच्याच कमरेला होती, हे त्याला कळलं. तरी त्याने नरेशला फोन लावला.

"शनिवारी ये. सकाळी."

स्वरालीने त्याला मिठीच मारली. वसुधा गवार मोडत बसली होती. तिने एकदा नवऱ्याकडे बघितलं आणि पुन्हा गवारीकडे.

शनिवारी नरेश आला. मेमरी पिशवीत, सीडी शर्टाच्या खिशात, पेचकस कानावर. स्वरालीने त्याला खुर्ची दिली, पंखा लावला, मोक्याचा पाहुणा आल्यासारखी उभी राहिली.

"अंकलजी, जो रखना है फ्लॉपी में ले लो. फिर सब साफ."

सब साफ. देवदत्तला हेच तर पाहिजे होतं. फाइल पुसली की एकतीस खरे होते की खोटे, हे जगात कुणालाच कळणार नव्हतं, त्याला धरून. आणि तेच त्याला सोसेना. चोराला निदान आपण काय चोरलं हे तरी माहीत असतं.

"पाच मिनट," तो म्हणाला. "तू चाय पी."

त्याने प्रोग्रॅम उघडला. आपली ओळ शोधली. पाच वर्षांनी भेटत होती, जशीच्या तशी. तिच्या सुरुवातीला त्याने एक खूण टाकली, म्हणजे कॉम्प्युटर ती ओळ सोडून पुढे जाईल. मधुरिमा राजवाडेची जोडी काढली. एंटर दाबायला बोट उचललं आणि पहिल्यांदा नेम चुकला.

एकतीस.

त्याने पुन्हा दाबलं. एकतीस. नाडी वेगळी, गण एक, सगळं उत्तम. सतरा तारीख हा निव्वळ योगायोग होता. ओळीने मधुरिमाला हातही लावला नव्हता. जे मोडलं ते खऱ्या, अस्सल, पंचांगसिद्ध एकतीस गुणांचं लग्न होतं.

महिन्याभराचं ओझं एकदम उतरलं, आणि मजा अशी की हलकं काही वाटेना. खरं बोलूनही ह्या मशीनला काही कळलं नव्हतं. मग आपण पाच वर्षं ज्याच्यावर चोरून पांघरूण घालत होतो ते होतं तरी काय? अन् अपूर्वाच्या साडेसहाला तरी घाबरायचं कशाला? पण हे सांगणार कुणाला, आणि कुठल्या तोंडाने?

बेल वाजली. वसुधाने दार उघडलं, जणू दाराशीच उभी होती.

"या, नयनाताई. बरं झालं वेळेत आलात."

अपूर्वाची आई, नयना घोरपडे. कोल्हापूरची. पंचवीस वर्षांत अकरा गावी संसार मांडलेला, त्यामुळे कुठल्याही घरात शिरली की पहिल्या नजरेत बसायची जागा हेरणार. हातात प्लास्टिकच्या फोल्डरमध्ये दोन पत्रिका.

"वहिनी, तुम्ही उद्या येणार होतात ना?" देवदत्त खुर्चीतून अर्धा उठला.

"होते. पण काल वसुधाताईंचा फोन आला, रविवारी मशीन नसणार म्हणून." तिने नरेशच्या कानावरचा पेचकस बघितला. "वेळेत पोचले म्हणायची. बसा, बसा. घ्या, आधी माझं काम करा."

देवदत्तने बायकोकडे बघितलं. वसुधा कपात चहा गाळत होती, अगदी मन लावून.

तो बसला. जन्मवेळा भरल्या. आता फक्त एंटर. पण ओळीपुढची ती खूण अजून तशीच होती. कॉम्प्युटर पाच वर्षांत पहिल्यांदा खरं बोलायला बसला होता. खूण काढायची तर नयना खांद्यामागे उभी. त्याचा हात कीबोर्डवर नुसताच तरंगत राहिला.

"काय हो, भाऊजी? अडलं का काही?"

"नाही... वहिनी, एक विचारू? गावाकडे गुरुजी असताना तुम्ही इथे का आलात?"

नयना हसली. "आता माझ्याच तोंडून वदवून घ्यायचंय का? चंडीमंदिर छावणीतल्या सगळ्या मराठी बायकांना ठाऊक आहे. लग्न करायचं असेल तर मिराशींचा कॉम्प्युटर. मोडायचं असेल तर पंडितजी."

देवदत्तच्या तोंडाचा आ झाला. "म्हणजे... सगळ्यांना?"

"अहो, पाच वर्षांत एकही नापास नाही," वसुधा ट्रे ठेवत म्हणाली. "मी शिकवते त्या शाळेत कॉपी करूनसुद्धा एवढा निकाल लागत नाही. लोक काय दूधखुळे आहेत?"

"तुला माहीत होतं?"

"चहा कोण देत होतं त्या त्रेचाळीस घरांना?"

देवदत्त कपाकडे बघत राहिला. पाच वर्षं तो मनातल्या मनात खुदखुदत होता, आख्खं मंडळ आपण गुंडाळलं म्हणून. आणि मंडळी येऊन, गंभीर चेहऱ्याने पत्रिका पुढे करून, पोहे खाऊन, आपल्याला हवा तो कागद घेऊन जात होती. सेक्टर तेरामध्ये नारळ शोधत तो एकटाच फिरत होता. राजवाडेही ओळखून असणार. तिळगुळाच्या वेळी ते त्याला बोलले नव्हते, स्वतःलाच बोलले होते. हे आठवून त्याला पहिल्यांदा विश्वासरावांचं वाईट वाटलं. आजवर फक्त स्वतःचंच वाटत होतं.

"द्या छापून," नयना म्हणाली. "आणि फार नका हं देऊ. तेहेतीस वगैरे आले तर सासूबाईंना संशय येतो. चोवीस-पंचवीस ठीक."

त्याने खूण काढायला बोट नेलं आणि थांबला.

"वहिनी, खरे बघायचेत?"

"कशाला?"

"हे मशीन आज जातंय. आजवर जो तो ह्याच्याकडे बघून निर्धास्त होता. तुम्हीही, मीही. उद्या काही झालं, तर बोट दाखवायला हे इथे नसणार."

"भाऊजी, न बघण्यासाठीच तर इतक्या लांब आले मी." पण ती हलली नाही. फोल्डरच्या कडेला नख घासत राहिली. मग म्हणाली, "दाखवा."

त्याने एंटर दाबलं. पडद्यावर मराठी अक्षरं एकेक करून उतरली. एकूण गुण साडेसहा. खाली, आजवर ह्या हॉलमध्ये कधीच न उमटलेली ओळ: एकनाड. विवाह वर्ज्य.

नयना खुर्ची न बघता बसली. आतमध्ये कुकरने दोन शिट्ट्या दिल्या. अपूर्वाचं हेल्मेट देवदत्तच्या डोळ्यांपुढे आलं. खरं बोलायची खाज ती काय, आणि बावन्नाव्या वर्षी सुटायची होती! समोरची बाई पत्रिका मिटून उठली, की त्या पोरीचं लग्न त्याने स्वतःच्या हाताने मोडलं म्हणायचं.

"मी मानत नाही हो हे," नयना हळूच म्हणाली. "खरंच नाही मानत. पण आता वाचलं ना."

"हो."

"आता तिला जरा बरं नसलं, की मला हेच आठवणार."

"आठवणार," देवदत्त म्हणाला. "वहिनी, तुम्ही यायच्या पाच मिनिटं आधी मी मधुरिमा राजवाडेची पत्रिका मोजली. खरी, ह्याच पद्धतीने. मला वाटत होतं की मीच खोटे गुण देऊन तिचं वाटोळं केलं."

"आणि?"

"एकतीस. खरेखुरे."

नयनाने पडद्याकडे बघितलं. मग ती वसुधाकडे वळली. "तुमच्या दोघांचे किती होते हो?"

"कुणास ठाऊक," वसुधा म्हणाली. "शैलजाताईंच्या सतराव्या नकारानंतर मामंजींनी ह्यांची पत्रिका हरवली म्हणून सांगितलं. सत्तावीस वर्षं झाली, अजून शोधतायत."

नयना फसकन हसली. पण हसून झाल्यावरही डोळे पुसायला तिला पदर लागला.

"त्या सुशांतला पोळी लाटता येते," ती कुणालाच न उद्देशून म्हणाली. "मागच्या महिन्यात मला फ्लू झाला तेव्हा येऊन लाटून गेला. वाकड्या होत्या. पण सगळ्या फुगल्या." तिने खुर्ची पुढे ओढली. "काय करायचं असतं तुम्हाला? ती तुमची करामत?"

"ही खूण काढायची. मग एंटर."

"काढा."

"तुम्ही काढा," देवदत्त म्हणाला. "आजवर सगळं मीच ठरवत होतो, तेही चोरून."

नयनाने चष्मा लावला. एका बोटाने ती कळ शोधली आणि डासाला मारावं तशी दाबली. मग एंटर. त्या दिवशी तारीख बावीस. सव्वीस गुण. प्रिंटर किंचाळला, भोकांचा कागद सरकत बाहेर आला. देवदत्तने तो फाडला आणि विचारलं, "आणि तो पहिला? पुसू?"

"छापा तोही."

साडेसहाचा कागद बाहेर आला. देवदत्तला काय सुचलं कोण जाणे, त्याने खिशातलं पेन काढलं. "वहिनी, आमच्या हॉस्पिटलात ऑपरेशनच्या आधी नातेवाइकाची सही घेतात. सगळं समजावून सांगितलंय आणि मला मान्य आहे, अशी. करता?"

ती क्षणभर त्याच्याकडे बघत राहिली, हा पुन्हा सेक्टर तेरा तर नाही ना, अशा नजरेने. तसं नव्हतं. तिने 'विवाह वर्ज्य'च्या बरोबर खाली, पूर्ण नावाने, तारीख घालून सही केली.

"सव्वीस सासूबाईंना," ती दोन्ही कागद वेगवेगळे घडी घालत म्हणाली. "साडेसहा माझ्याकडे. पोरं कधी कडाकडा भांडली आणि माझ्या जिभेवर पत्रिका आलीच, तर काढून माझीच सही बघेन." दाराशी जाऊन ती वळली. "आणि भाऊजी, कर्नलसाहेबांचा तो नारळ अजून बाकी आहे हं."

"लग्नात देतो. पाच."

दार लागलं. नरेशने रिकामा कप खाली ठेवला. अर्धं कळलं होतं, अर्धं त्याने चेहऱ्यांवरून वाचलं होतं.

"अंकलजी, हमारे में तो बस हाइट मिलाते हैं," तो म्हणाला. "तो? रहने दूँ, या लगाऊँ?"

आता गंमत अशी, की आता ठेवायला काहीच हरकत नव्हती. कुणी फसत नव्हतं, कुणाचं वाईट होत नव्हतं. लोक येतील, चहा पितील, कागद नेतील. मशीन ठेवलं तर मंडळ दुवा देईल. पण देवदत्तला नयनाचं ते एक बोट आठवत होतं, कळ शोधणारं. त्रेचाळीस घरांतल्या कुणालाच ते बोट उचलावं लागलं नव्हतं, कारण हे मशीन होतं. आणि त्यालाही कधी कुणाच्या तोंडावर म्हणावं लागलं नव्हतं की पोरगा चांगला आहे, द्या. शैलजाच्या वेळी तेवढंच एक वाक्य बोलणारा माणूस घरात निघाला नव्हता. एकवीस वर्षांचा तो स्वतःही पोह्यांच्या बशा उचलत गप्प राहिला होता.

"लगाओ," तो म्हणाला.

नरेशने झाकण उघडलं, पाच वर्षांची धूळ फुंकली आणि ते हिरवं कार्ड उपटून देवदत्तच्या हातावर ठेवलं. मग मेमरी बसवली, सीडी आत गेली. तासभर पडद्यावर निळ्या पट्ट्या सरकत राहिल्या. वसुधाने सगळ्यांना जेवायला वाढलं. नरेशने गवार दोनदा मागून घेतली. आणि जेवण होता होता पडद्यावर हिरवंगार टेकाड आणि त्यावर निळं आभाळ उगवलं.

"वाह!" स्वराली म्हणाली. मग माउस हातात घेतला, आणि ठेवला. "बाबा, एक बात बताओ."

"बोल."

"मेरे टाइम पे क्या करोगे? मशीन तो गई."

वसुधाचा हात भाताच्या डावावर थांबला. देवदत्तने कार्ड खिशात टाकलं आणि चेहरा तोच केला, सेक्टर तेराचा पत्ता सांगायचा.

"तुझ्या वेळी बोटांवर मोजू. माझी दहा, तुझ्या आईची दहा, तुझी दहा. झाली तीस."

"और छह?"

"ती त्या पोराची. त्याला चार बोटं सूट," देवदत्त म्हणाला. "पोळी लाटायला."